कोसंब्यांच्या घरातलं

“तान्ही मुलगी घरात, आणि हा निघाला बुद्ध शोधायला?”

मावशींनी सुकटीचं सूप वईवर टेकवलं. सूप वईवर टेकलं की गप्पा लांबणार, हे आमच्या आळीत सगळ्यांना ठाऊक आहे.

“निघाला,” मी म्हटलं. “डिसेंबर १८९९. वय तेवीस. गोव्यात सांखवाळला वडिलांची नारळाची बाग, ती सांभाळायची. तर लहान मुलांच्या मासिकात बुद्धावरचा लेख वाचला, तेव्हापासून डोक्यात तेच. बायको बाळाबाई, पदरात माणिक. दोघींना मागे ठेवून आधी पुणं, मग काशी, नेपाळ, पुढे सिलोन, ब्रह्मदेश. सिलोनला भिक्षू झाला, पाली शिकला.”

“आणि ती बिचारी?”

“माहेरच्या आधारानं राहिली.”

“माहेर नसतं तर बुद्धपण नसता मिळाला याला,” मावशी म्हणाल्या आणि सुकटीतला कचरा पुन्हा निवडू लागल्या.

नायगावात वईवरच्या गप्पांना विषय कमी नाहीत. टँकर आला का, कोणाच्या चाळीचं रिडेव्हलपमेंट अडलंय, खाडीपुलावर लोकल किती वेळ उभी होती. पण हे सगळं सकाळी दहापर्यंत संपतं. मी गणिताचा मास्तर, निवृत्त झाल्यापासून वाचनालयातून जाडजूड पुस्तकं आणतो आणि त्यातल्या माणसांच्या घरगुती भानगडी मावशींना पुरवतो. त्यांना माणूस शंभर वर्षांपूर्वीचा असला तरी चालतो, फक्त घरात काय चाललं होतं ते कळायला हवं.

तेवढ्यात पलीकडून वहिनी आल्या. वहिनींचं माहेर मडगावचं. “धर्मानंद कोसंबींबद्दल बोलताय ना? मग एकेरी काय बोलता? केवढा मोठा माणूस आमच्या गोव्याचा!”

“बायकोला सोडून गेलेल्याला मी अहो-जाहो नाही करत,” मावशी म्हणाल्या.

“परत आले की हो! कलकत्त्याला विद्यापीठात पाली शिकवायला लागले, तेव्हा बाळाबाईंना घेऊनच गेले.”

“किती वर्षांनी?”

वहिनींनी माझ्याकडे पाहिलं. मी म्हटलं, “सहा-सात तरी झाली होती.”

“बघा,” मावशी म्हणाल्या. एवढंच. पण ते ‘बघा’ वहिनींना चांगलंच लागलं.

“त्यातही पुढचं ऐका,” मी मध्ये पडलो. “कलकत्त्याला पगार चांगला होता. पण आपण शिकलो ते आपल्या मराठी माणसांना सांगायला हवं, असं त्यांनी मनाशी घेतलं. बडोद्याचे सयाजीराव गायकवाड म्हणाले, महाराष्ट्रात कुठंही राहा, लिहा, महिना पन्नास रुपये देतो. यांनी कलकत्त्याची नोकरी सोडली आणि पन्नास रुपये घेतले.”

हे ऐकताच मावशींनी सूप बाजूला ठेवलं आणि वहिनींकडे वळून थेट विचारलं, “तुमच्या पोरानं पण असंच केलंय म्हणे? पगार मोठा होता, सोडला म्हणतात.”

गेले आठ दिवस आळीत हीच चर्चा होती, फक्त वहिनींच्या समोर कोणी काढत नव्हतं. त्यांचा मुलगा जर्मनीत आहे. प्रकाशशास्त्रात पीएचडी. लेन्स, सेन्सर असलं काही करतो. एका कंपनीनं बोलावलं, पगार बराच जास्त. काम काय, तर क्षेपणास्त्राला वाट दाखवणारी यंत्रणा. पोरगा नाही म्हणाला. वर आईला फोनवर सांगितलं की दोन वर्षांत हातातलं काम संपवतो आणि परत येतो. आळीतल्या पुरुषांचं मत एकच: शिकला पण शहाणा नाही झाला. बायकांचं मत: परत येतोय ते बरं, पण नोकरी घेऊन यायला काय झालं होतं?

“सोडला,” वहिनी म्हणाल्या. “म्हणतो, ते कोणाच्या छपरावर पडणार हे मला माहीत असताना मी बनवणार नाही. ह्यांनी समजावलं, तू नाही केलंस तर दुसरा कोणी करेल. तर म्हणतो, करू दे दुसऱ्याला.” मग आवाज खाली आणून, “मलाच कळत नाही, कौतुक करू की काळजी.”

“मग धर्मानंदांचं राहू द्या,” मी म्हटलं. “त्यांच्या मुलाचं ऐका. दामोदर. घरातलं नाव बाबा. तो खरा तुमच्या पोराच्या जातीतला.”

“तो पण घर सोडून गेला?”

“त्याला नेला. अकरा वर्षांचा होता. १९१८ साली धर्मानंद दुसऱ्यांदा हार्वर्डला गेले, ‘विसुद्धिमग्ग’ नावाच्या पाली ग्रंथाच्या कामावर. या वेळी माणिकला आणि दामोदरला बरोबर घेतलं.”

“आणि बाळाबाई?” मावशींनी ताबडतोब विचारलं.

“त्या इथंच.”

“बघा.”

दामोदर तिथं अमेरिकेत वाढला, मी सांगू लागलो. केंब्रिजच्या शाळेत गेला, बॉय स्काउट झाला, बोस्टनच्या बाजूचं इंग्रजी बोलायला लागला. नॉर्बर्ट वीनर नावाचा पुढे जगप्रसिद्ध झालेला गणितज्ञ, त्याचे वडील धर्मानंदांच्या ओळखीचे. त्या घरी येणंजाणं. मधे दीड-एक वर्ष भारतात आला, तेव्हा वडील गुजरात विद्यापीठात होते. म्हणजे मुक्काम गांधीजींच्या माणसांत. मग परत हार्वर्ड. १९२९ साली गणितात अगदी वरच्या दर्जाची पदवी घेतली.

“मग राहिला असेल तिकडंच. आपल्या आळीतली पोरं राहतात तशी,” मावशी म्हणाल्या. त्यांच्या घरातलेच तिघं बाहेर आहेत. एक आखातात, एक कॅनडात, एक भाची इस्रायलला म्हाताऱ्या माणसांची सेवा करते.

“त्याच वर्षी परत. आधी बनारस, मग अलीगढ. अलीगढला फ्रान्सचा एक तरुण गणितज्ञ आला होता, आंद्रे वेय. दोघांचं जमलं. आणि तिथं जी भानगड झाली ती गणितवाले अजून सांगतात.”

भानगड म्हटल्यावर वहिनीपण वईला टेकल्या.

“विभागात एक सहकारी होते, दामोदरच्या डोक्यात जाणारे. त्यांची जिरवायची म्हणून वेयनं दामोदरला सुचवलं, एक निबंध लिही आणि त्यात बुर्बाकी नावाच्या अज्ञात रशियन गणितज्ञाचा हवाला दे. असा माणूसच नव्हता! दामोदरनं १९३१ साली ‘बुर्बाकीच्या दुसऱ्या प्रमेया’वर निबंध छापला. पुढं फ्रान्सच्या तरुण गणितज्ञांनी एकत्र येऊन टोपणनावानं पुस्तकं लिहायचं ठरवलं, तेव्हा नाव घेतलं तेच, बुर्बाकी. आज जगभरातले विद्यार्थी ती पुस्तकं वाचतात. पण छापील निबंधात ते नाव पहिल्यांदा आणलं आपल्या गोवेकरानं.”

“म्हणजे खोडसाळ होता,” वहिनी खुशीत म्हणाल्या.

“खोडसाळ आणि भांडकुदळ. आणि हा वेय पुढं काय झाला माहीत आहे? १९३९ मध्ये युद्ध पेटलं तेव्हा फिनलंडमध्ये होता. सैन्यात हजर व्हायचं टाळलं. तिथं हेर समजून पकडला, मग फ्रान्सला पाठवला. रूआँच्या तुरुंगात बसून त्यानं गणितातली त्याची सगळ्यात गाजलेली गोष्ट सिद्ध केली. १९४१ मध्ये बायकोबरोबर अमेरिकेला पोहोचला आणि तिकडचाच झाला. गीता वाचणारा माणूस. म्हणायचा, अर्जुनाचा धर्म लढायचा, माझा धर्म गणिताचा.”

“म्हणजे युद्धाला नाही म्हणणारे पूर्वी पण होते,” वहिनी म्हणाल्या. मुलाची वकिली त्यांच्या आवाजात हळूहळू यायला लागली होती.

“दामोदरचं लग्न त्या निबंधाच्याच वर्षी, १९३१. नलिनी मडगावकर. १९३३ पासून पुण्यात फर्ग्युसनला. दोन मुली, माया आणि मीरा. आणि घर भांडारकर संस्थेच्या रस्त्यावर, तेच शेवटपर्यंत.”

“शेवटपर्यंत?” मावशींना हे महत्त्वाचं वाटलं.

“शेवटपर्यंत. १९४५ मध्ये होमी भाभांनी टाटा इन्स्टिट्यूट ऑफ फंडामेंटल रिसर्च काढलं. भाभांनी बोलावलं, हे गेले. पण बिऱ्हाड पुण्यातच. डेक्कन क्वीननं सकाळी मुंबई, रात्री पुणं.”

मावशींनी कपाळाला हात लावला. आमच्या नायगावच्या माणसाला प्रवास नवा नाही. भायंदरची खाडी ओलांडताना दाराशी लोंबकळणारी निम्मी आळी आहे. पण डोंगर चढून रोज पुणं-मुंबई म्हणजे फारच झालं. “घरासाठी एवढं?” त्या म्हणाल्या. “म्हणजे बापानं सोडलं ते पोरानं धरून ठेवलं.”

मी इतकी वर्षं कोसंबी वाचतोय, पण हे एका वाक्यात मला कधी सुचलं नव्हतं.

“पण काम काय करायचा?” वहिनींना पोराशी तुलना करायची होती. “नुसतं गणित?”

“गणितापासून निघून कुठंही जायचा. पेशीत गुणसूत्रावर जनुकं ओळीनं असतात. आईबापांकडून पोराकडं जाताना त्यांची अदलाबदल होते. किती वेळा झाली हे मोजून दोन जनुकांमधलं अंतर काढायचं सूत्र त्यानं १९४४ साली दिलं. आजही भाताच्या, गव्हाच्या जातींवर काम करणारे संशोधक ते वापरतात. ‘कोसंबी फंक्शन’ नावानंच. आणि नाण्यांचं तर तुम्हाला आवडेल, मावशी. तक्षशिलेला जुन्या चांदीच्या नाण्यांचे साठे सापडले होते. ती किती जुनी, कोणत्या राजाच्या वेळची, यावर पंडितांची भांडणं. दामोदर म्हणाला, तोला.”

“तोला?”

“एकेक नाणं तराजूत. नाणं हातोहात फिरतं तसं झिजतं. जितकी वर्षं चलनात, तितकं हलकं, आणि काही जास्त फिरतात, काही कमी, म्हणून वजनांत तफावतही वाढत जाते. टांकसाळीतून नवीन आलेली सगळी जवळपास सारखी, जुनी सगळी वेगवेगळी. खातरजमा म्हणून आपल्या काळातली चालू नाणी गोळा करून आधी ती तोलली. मग प्राचीन. हजारो नाणी, संवेदनशील काट्यावर, एकेक. गणितानं इतिहास वाचायला लावला या माणसानं.”

मावशींनी कमरेची चंची चाचपली. बहुतेक दहाचं नाणं काढून झीज बघायचा विचार असावा, पण मग राहिलं.

“हे सगळं ठीक,” वहिनी म्हणाल्या. “शांततेचं काय? तुम्ही म्हणालात माझ्या पोराच्या जातीतला.”

“सांगतो. आधी बापाचं एक सांगतो, कारण ते आपल्या दाराशी आहे.” मी पूर्वेकडं हात केला. रुळांच्या पलीकडं मिठागरं आहेत, जी शिल्लक राहिलीत ती. “धर्मानंद रशियात लेनिनग्राडला शिकवत होते. १९३० मध्ये परत आले आणि मिठाच्या सत्याग्रहात पडले. तुरुंगात गेले. पन्नाशीचा माणूस, हार्वर्डचा पंडित.”

“मिठासाठी?” मावशींचे सासरे मिठागरात राबलेले. त्यांना मिठाबद्दल आदर आहे, पण ते पिकवणाऱ्याचे पाय कसे चिरतात तेही ठाऊक आहे. “मीठ पिकवणाऱ्यांना विचारायला कोणी आलं होतं?”

“विचारायला नाही, पण पुढं कामगारांत राहायला मात्र आले. १९३७ मध्ये परळला बहुजन विहार काढला, गिरणीकामगारांच्या वस्तीत.”

“परळ म्हणजे नायगावजवळच!” वहिनी.

“ते दादरचं नायगाव. आपलं नाही.”

“आपल्या नायगावाचं नशीबच असं,” मावशी म्हणाल्या. “नाव आपलं, टपाल त्यांचं.”

“तर धर्मानंदांचं म्हणणं,” मी रुळावर आलो, “समता हवी, समाजवाद हवा, पण अहिंसेच्या वाटेनं. मुलाला मार्क्स पटला. आणि खरं सांगायचं तर दामोदर अहिंसावादी नव्हता, बापासारखा तर नव्हताच. पण हिरोशिमा झालं आणि जग दोन गटांत फाटलं, तेव्हा त्यानं अणुबॉम्बविरोधी शांतता चळवळीत स्वतःला झोकून दिलं. जागतिक शांतता परिषदेचा सदस्य होता. हेलसिंकी, मॉस्को, पेकिंग, सगळीकडं जाऊन आला. १९४९ मध्ये अमेरिकेत प्रिन्स्टनला होता तेव्हा आइन्स्टाइनशीही बोलणं झालं. तो देश सोडून आलेला, तोही बॉम्बविरोधी. पण आइन्स्टाइनला ते बोलणं सोपं होतं, कारण त्याला कोणाच्या हाताखाली काम करायचं नव्हतं. दामोदर कुठं नोकरीला होता?”

“भाभांकडं,” वहिनींनी लगेच पकडलं. “अणुशक्तीवाले भाभा!”

“अगदी. देशाचा अणुकार्यक्रम ज्याच्या हातात, त्याच्या संस्थेत बसून हा सांगायचा की भारताला अणुवीज नको. जुलै १९६० मध्ये पुण्याच्या रोटरी क्लबात उभा राहून तेच बोलला. म्हणणं असं की अणुवीज महाग, तंत्रासाठी परक्यांच्या दारात उभं राहावं लागतं, आणि तिच्या मागून बॉम्ब येतोच. उलट आपल्याकडं काय आहे? ऊन. गावागावात, घराघरावर, फुकट. ते वापरायला शिका. ‘सोलर’ हा शब्द आपल्या गच्चीवर यायच्या किती आधी बघा!”

मावशी समोरच्या सोसायटीच्या गच्चीकडं बघत होत्या. तिथं पाणी तापवायच्या नळ्या चमकत होत्या. “माझे सासरे म्हणायचे,” त्या म्हणाल्या, “मिठागर म्हणजे उन्हाचाच कारखाना. भरतीचं पाणी आत घ्यायचं, ऊन काय करायचं ते करतं. ना कोळसा, ना वीज.”

“हेच! बाप मिठासाठी तुरुंगात, पोरगा उन्हासाठी भांडतोय. आणि दोन्ही आपल्या आगरात एकत्र.”

“आणि मग? ऐकलं का कोणी त्याचं?”

“तुमची नणंद बोईसरला राहते ना?”

“हो.”

“तारापूर तिथून किती लांब? दामोदरचं ते भाषण झालं, आणि पुढं देशातलं पहिलं अणुवीज केंद्र कुठं झालं, तर आपल्याच जिल्ह्यात. १९६९ मध्ये वीज सुरू झाली.”

“त्यात नणंदेच्या दिराला नोकरी लागली,” मावशी प्रामाणिकपणे म्हणाल्या. “वाईट म्हणायला तोंड नाही मला. पण पुढं नवीन भट्ट्या झाल्या तेव्हा अक्करपट्टी, पोफरण उठवली ना? ते कोळी लोक अजून बोलतात त्याबद्दल.”

क्षणभर कोणी काही बोललं नाही. मग वहिनींनी नेमका प्रश्न विचारला. “नोकरी राहिली का हो त्याची?”

“१९६२ पर्यंत. मग करार संपला, पुढं वाढवला नाही.”

“बघा,” या वेळी वहिनी म्हणाल्या, आणि एकदम घाबऱ्या दिसल्या.

“पण ते एवढ्या एका कारणानं झालं म्हणता येणार नाही,” मी घाईनं सांगितलं. “भांडण सगळ्यांशीच. रीमन नावाच्या जर्मन गणितज्ञानं १८५९ साली एक अटकळ मांडली. आजवर कोणाला सिद्ध करता आलेली नाही. दामोदरनं १९५९ मध्ये म्हटलं, मला जमलं, आणि छापलं कुठं? शेतीच्या संख्याशास्त्राच्या नियतकालिकात! गणितवाले हसले. तिकडं कम्युनिस्टांशीही जमेना. कॉम्रेड डांग्यांनी प्राचीन भारतावर पुस्तक लिहिलं, तर यानं त्याची सालं काढली. पक्षाच्या पठडीतल्या मार्क्सवाद्यांना इंग्रजी आद्याक्षरं जोडून ‘ओम’ म्हणायचा. स्वतःच्या निबंधसंग्रहाचं नावसुद्धा वाचकाला वैताग येईल असंच ठेवलं.”

“आणि याला म्हणायचं शांततेचा माणूस?” मावशी हसायला लागल्या. “अहो, आमच्या आळीतला पाण्याच्या नळावरचा सेक्रेटरी आहे हा!”

“मलाही आधी हे विचित्रच वाटायचं. पण आता वाटतं, शांततेचा माणूस शांत असतोच असं नाही. गप्प बसणारे सगळ्या बाजूंनी खूश असतात, आणि बॉम्ब त्यांच्या गप्प बसण्यावरच बनतो. हा तोंडावर नाही म्हणायचा. मालकालाही, मित्रालाही, स्वतःच्या विचाराच्या माणसालाही. कुठं चुकलाही असेल, रीमनचं जमलंच नाही. पण जे पटत नाही त्याला हो म्हणाला नाही.”

“घरी कसा होता?” मावशींचा खरा प्रश्न हाच होता, अर्धा तास त्या त्याच्यासाठी थांबल्या होत्या. “बाहेर भांडतो तो घरात काय करतो ते विचारतेय मी.”

हा प्रश्न माझ्या एकाही पुस्तकानं विचारला नव्हता. “तापट होता, हे त्याच्या मित्रांनीच लिहिलंय,” मी सांगितलं. “नलिनीबाईंबद्दल मी वाचलं त्यात दोन-चार ओळींच्या पलीकडं काही नाही. पण मुलीचं सांगतो. धाकटी मीरा. समाजशास्त्रज्ञ झाली, एसएनडीटीत स्त्री-अभ्यास केंद्राची संचालक होती. पंडिता रमाबाईंवर तिनं मोठं काम केलं. आणि आजोबांचं ‘निवेदन’, त्यांचं आत्मचरित्र, ते तिनं इंग्रजीत आणलं. त्या घरातलं लेखन जगासमोर ठेवणारी तीच.”

“म्हणजे आजोबा घर सोडून गेले, आणि नातीनं त्यांना घरात आणलं,” वहिनी म्हणाल्या.

“आणि शेवट कसा झाला दोघांचा?” मावशी. त्यांना कोणाचंही आयुष्य शेवटापर्यंत ऐकल्याशिवाय चैन पडत नाही.

“धर्मानंदांना मधुमेह, अंगाला त्रास. दुसऱ्यांवर भार नको म्हणून अन्न सोडायचं ठरवलं. सेवाग्रामला, गांधीजींच्या आश्रमात, ४ जून १९४७ ला गेले. स्वातंत्र्याला दोन महिने राहिले होते. आणि दामोदर ५८ व्या वर्षी, २९ जून १९६६ ला, पुण्यात, झोपेतच. त्याच वर्षी जानेवारीत भाभांचं विमान आल्प्समध्ये कोसळलं होतं. दोघांचं भांडण पुढं चालवायला दोघांपैकी कोणी उरलं नाही. आता ते आपण चालवायचं.”

“माझ्या पोराला हे सांगू का?” वहिनींनी विचारलं. मग स्वतःच उत्तर दिलं, “नोकरी गेली ते नको सांगायला.”

“तेच आधी सांगा,” मावशी म्हणाल्या. “त्याला कळू दे की नाही म्हणायला पैसे पडतात. आपण सगळे त्याला येडा म्हणतोय, त्यापेक्षा हे बरं. आणि आळीतल्या पुरुषांना मी बघते. त्यांच्यातला एक तरी साहेबासमोर नाही म्हणाला असेल तर दाखवा मला.”

वहिनी मनापासून हसल्या, बऱ्याच दिवसांनी. “पण मावशी, तो येईल तेव्हा कळायचं कसं, बापावर गेलाय की मुलावर? धर्मानंद की दामोदर?”

“सोपं आहे. घरातल्या कामातून निसटून निघून जायला लागला तर धर्मानंद. घरात राहून सगळ्यांशी भांडायला लागला तर दामोदर. दोन्ही नको असेल तर लग्न करून टाका आणि सुनेला आधीच सांगून ठेवा.”

मग सूप उचलता उचलता मावशी माझ्याकडं वळल्या. “सर, ते ‘निवेदन’ वाचनालयात आहे का? नातीनं इंग्रजीत केलं ते नको. मूळ.”

“आहे. पण तुम्ही वाचणार?”

“त्यांची पाली-बिली तुम्ही वाचा. बाळाबाईनं त्या सहा-सात वर्षांत काय केलं, पोरगी कशी सांभाळली, त्यानं तिच्याबद्दल काय लिहिलंय, मला ते बघायचंय. नसेल लिहिलं तर मग मी सांगते तुम्हाला, काय झालं असेल ते. आमच्या घरातले पण आखातात होते.”